आधी फळ आटवा

बंगळूरुच्या सर्जापूर रोडवरच्या सोसायट्यांमध्ये पॉटलकला निमित्त लागत नाही. गणपती, नवं वर्ष, कुणाचं घरभरणं, काहीच नसेल तर शनिवार. साबुदाणावडे आणि ढोकळ्याच्या शेजारी तिथे हल्ली आणखी एक पदार्थ दिसू लागला आहे. ओव्हनमध्ये भाजलेली चपटी रोटी, तिच्यावर चीज, आणि त्यावर अंजीर, द्राक्षं नाहीतर पेअरचे काप. कॅफेच्या मेन्यूतला हा फ्लॅटब्रेड फोटोत देखणा दिसतो. घरी केला की मात्र बहुतेकदा कडा वातड, मधला भाग लिबलिबीत आणि बूड पांढरंफटक निघतं. मग करणारा दोष देतो पिठाला, यीस्टला किंवा बिचाऱ्या ओटीजी ओव्हनला. माझं म्हणणं असं की या तिघांचा वाटा किरकोळ आहे. खरा घोटाळा पाण्याचा आहे, आणि ते पाणी फळातून येतं.

साधा हिशोब करून पाहा. पाव किलो मैदा मळायला साधारण दीडशे मिली पाणी लागतं. द्राक्षात ऐंशी टक्क्यांच्या आसपास पाणी असतं, म्हणजे दोनशे ग्रॅम द्राक्षं वर पसरली की त्यांच्यासोबत सुमारे १६० ग्रॅम पाणी येतं. पीठ मळताना आपण चमचा-चमचा मोजून पाणी घालतो, आणि नंतर तेवढंच पाणी पुन्हा डोळे झाकून वर ओततो! अंजिरात पाण्याचं प्रमाण जवळपास तेवढंच असतं, पेअर आणि अननसात त्याहून जास्त, आणि स्ट्रॉबेरीत तर नव्वदच्या घरात. फळ अख्खं असताना हे पाणी पेशींमध्ये कोंडलेलं असतं. पन्नास-साठ अंशांच्या पुढे पेशींचे पडदे ढासळतात आणि रस सुटतो. म्हणजे रोटीचं बूड घट्ट व्हायच्या आधीच वरून पाझर सुरू होतो. चीजमधलं मीठ कापलेल्या फळातून आणखी रस ओढून घेतं. आता रोटी खरपूस व्हायची तर तिचा पृष्ठभाग १४० अंशांच्या वर जायला हवा. पण जिथे पाणी साचलं आहे तिथलं तापमान पाणी संपेपर्यंत उत्कलनबिंदूपाशीच अडून राहतं. बंगळूरु समुद्रसपाटीपासून सुमारे नऊशे मीटर उंचीवर असल्यामुळे इथे तो बिंदू शंभर नव्हे, ९७ अंशांच्या आसपास आहे. या तीन अंशांनी आपलं काही भलं होत नाही. ओव्हनचं बटण २३० वर असलं तरी द्राक्षाखालची कणीक वाफेवरच शिजते. भाजली जात नाही.

यावरचा उपाय मराठी स्वयंपाकघराला नवा नाही. पुरणपोळी करणाऱ्या कुठल्याही बाईला विचारा. पुरणात उलथनं उभं राहिल्याशिवाय ती ते पोळीत भरायला घेणार नाही, कारण ओल्या पुरणाने पोळी फाटते आणि तव्याला चिकटते. दुसरीकडे आमरस आपण कधी पोळीवर ओतून भाजत नाही. रस वाटीत आणि पोळी ताटात ठेवून दोघांची गाठ घास घेताना घालतो. म्हणजे ओला पदार्थ आणि भाजलेली पोळी यांना एकत्र आणायच्या दोनच रीती आपल्याकडे रूढ आहेत : ओल्याला आधी आटवायचं, नाहीतर खाईपर्यंत वेगळं ठेवायचं. फळ-चीजच्या रोटीलाही हेच दोन रस्ते आहेत. कच्चं ओलं फळ कच्च्या पिठावर घालून दोन्ही एकदम भाजायचा तिसरा रस्ता घरच्या ओव्हनमध्ये जवळजवळ नेहमी फसतो, आणि पाककृती तर बहुतेक तोच सांगतात.

आटवायचं म्हणजे जॅम करायचा असं नाही. द्राक्षं उभी अर्धी कापून, कापलेली बाजू वर ठेवून १२० अंशांवर पाऊण तास ठेवली की ती आक्रसतात आणि कडा सुरकुततात, पण मनुका होत नाहीत. तेवढं पुरे. अंजिराच्या चार फोडी करून दीडशे अंशांवर वीस-पंचवीस मिनिटं. पुरंदरच्या अंजिराला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळालं. उन्हाळ्यात येणाऱ्या त्याच्या मीठा बहराची फळं इतकी गोड असतात की त्यांना साखर लावणं हा फाजीलपणा ठरेल. शिवाय साखर पाणी ओढते ते वेगळंच. अननसाला मात्र ओव्हन नको, बिडाचा तवा हवा. काप टाकले की आधी नुसती चरचर होते, कडांना बारीक फेस येतो आणि वाफ उठते. दोन-तीन मिनिटांनी फेस बसतो, आवाज कोरडा होतो आणि फोड तव्याला धरायला लागते. तिथे उलटायची. आवाज बदलायच्या आधी उलटली तर तुम्ही अननस फक्त गरम केला, आटवला नाही. पेअर आणि सफरचंदालाही तवाच बरा. पेरूच्या वाटेला जाण्यापेक्षा गोव्याचा पेराद आणा. नाताळच्या कुसवारात, म्हणजे फराळात, असणारी ही पेरूची वडी गर कढई सोडेपर्यंत आटवूनच केलेली असते. ब्राझीलमध्ये पेरूची अशीच वडी पांढऱ्या चीजबरोबर खातात आणि त्या जोडीला रोमिओ-ज्युलिएट म्हणतात, तेव्हा चवीची काळजी नको. घरात साखरांबा असेल तर त्याच्या फोडी पाकातून निथळून वापरता येतात. चीजच्या खारटपणापुढे साखरांबा जितका खुलतो तितकी स्ट्रॉबेरी खुलत नाही, असं माझं ठाम मत आहे.

यावर पहिला आक्षेप येतो तो इटलीचा दाखला देऊन. टस्कनीत द्राक्षतोडणीच्या दिवसांत स्कियाचाता नावाची द्राक्षांची रोटी करतात, तिच्यात कच्ची द्राक्षंच घालतात, मग तुमचा नियम कुठे गेला? आक्षेप रास्त आहे, पण ती रोटी नीट पाहा. द्राक्षं अख्खी, जाड सालीची, बियांची. कणीक यीस्टची आणि जाड, बहुधा दोन थरांची. भाजणं बराच वेळ. वर चीज नाही, आणि रस पावात मुरावा हीच अपेक्षा. तो गोड पाव आहे, कुरकुरीत स्टार्टर नव्हे. ज्यांना तसाच करायचा असेल त्यांचं नशीब मात्र सर्जापूर रोडवर चांगलं आहे. बंगळूरु ग्रामीण, चिक्कबळ्ळापूर आणि कोलार भागात पिकणारं, २०१३ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालेलं बंगळूरु ब्लू हे द्राक्षही काळंभोर, जाड सालीचं आणि बियांचं असतं, आणि त्याचं पीक वर्षातून दोनदा येतं. नाशिकच्या बिनबियांच्या पातळ सालीच्या द्राक्षापेक्षा या कामाला ते कितीतरी सरस आहे. दुसरा आक्षेप हॉटेलचा : तिथे तर कच्चे काप टाकूनही बूड कडक येतं. येतं, कारण पिझ्झाच्या भट्टीचा दगडी तळ चारशे अंशांच्या आसपास तापलेला असतो, आणि फळाला पाझरायला वेळ मिळायच्या आत खालची बाजू भाजून निघते. घरचा ओटीजी अडीचशेच्या पुढे जात नाही. बिडाचा तवा उलटा घालून अर्धा तास तापवला आणि रोटी त्यावर सोडली तर फरक पडतो. पण फळातलं पाणी तेवढ्याने आटत नाही.

तेव्हा क्रम असा धरा. रोटी आधी कोरडीच सहा-सात मिनिटं भाजून घ्यायची, काट्याने टोचून, म्हणजे फुगणार नाही. मग तेलाचा किंवा तुपाचा हात, त्यावर किसलेलं कमी पाण्याचं चीज, त्यावर आटवलेलं फळ, आणि पुन्हा चार-पाच मिनिटं ओव्हनमध्ये. स्निग्धाचा थर खाली असला की उरलासुरला रस कणकेपर्यंत सहज पोचत नाही. चीज निवडतानाही पाण्याकडेच पाहायचं. पाण्यात बुडवून विकतात ते ताजं मोझरेला निम्म्याहून अधिक पाणीच असतं. ते वापरायचं तर तुकडे करून तासभर फडक्यावर निथळत ठेवा, किंवा भाजून झाल्यावर वर घाला. चेडारमध्ये पाणी चाळीस टक्क्यांच्या आत असतं आणि खारटपणा पुरेसा, म्हणून सुरुवात करणाऱ्याला मी चेडारच सांगेन. प्रोसेस्ड चीज त्यातल्या क्षारांमुळे एकसारखं वितळतं. त्याला नाकं मुरडायचं कारण नाही, फक्त मीठ वेगळं घालू नका. पनीर वितळतच नाही, कारण ते तापलेल्या दुधात आंबट घालून फाडलेलं असतं. कुस्करून घातलं तर मात्र चालतं. एक सावधगिरी आणखी. कच्चा अननस, पपई, किवी आणि अंजिराचा चीक यांत प्रथिनं तोडणारी विकरं असतात. ही फळं कच्चीच चीजवर मांडून तास-दोन तास फ्रिजमध्ये ठेवली तर चीज कडवट आणि पिळपिळीत होऊ शकतं. फळ आधी नीट तापवलं की विकरं निकामी होतात. आटवण्याचा हा वरचा फायदा.

फळ आटवलं तर ताजेपणा गेला, असंही म्हणतात. थोडा जातो, हे खरं. ज्यांना तो हवा त्यांनी आमरसाची रीत धरावी : रोटी आणि चीज भाजून आणा, कच्चे पातळ काप वाटीत ठेवा, आणि खाणाऱ्याला हाताने घालू द्या. पेअरला तर हीच रीत शोभते. आणि घरातली मोठी माणसं दूध आणि फळ हा विरुद्ध आहार म्हणून हरकत घेतील, त्यांच्याशी वाद नको. शिकरण आणि आम्रखंड ज्या घरात चालतं त्या घरात हा प्रश्न सवयीचा आहे, एवढं लक्षात ठेवलं की झालं.

सर्जापूर रोडवरची अडचण मात्र ओव्हनपाशी संपत नाही. रोटी घरी भाजली जाते आणि खाल्ली जाते क्लबहाउसमध्ये, किंवा इब्लूरच्या सिग्नलपलीकडच्या मित्राकडे. तिथवर पोचायला किती वेळ लागेल हे कुणी सांगावं! गरम राहावी म्हणून लोक ती फॉइलमध्ये गुंडाळतात. कुरकुरीतपणाचा याहून मोठा शत्रू नाही. गरम रोटीची वाफ फॉइलला लागून पाणी होते आणि परत रोटीवरच उतरते. त्यापेक्षा कोरडी भाजलेली रोटी जाळीवर पूर्ण गार करा, मग डब्यात घाला. चीज आणि आटवलेलं फळ वेगळ्या डब्यांत न्या आणि शेवटची पाच मिनिटं तिथल्या ओव्हनमध्ये भागवा. ओव्हन आहे का, हे आधी विचारून ठेवा, आणि १६ अँपिअरचा सॉकेट आहे का तेही. दीड-दोन हजार वॅटचा ओटीजी साध्या सॉकेटवर लावायचा नसतो. वीज गेली आणि सोसायटी जनरेटरवर आली की बऱ्याच ठिकाणी घरामागे मोजकाच भार मिळतो आणि ओटीजी लावताच सगळं ट्रिप होतं. अशा वेळी गॅसवरचा जाड तवा आणि वर झाकण. बूड छान होतं, चीजही वितळतं, वरचा तांबूस रंग तेवढा येत नाही. झाकण मात्र दर मिनिटाला उचलून आतून पुसा, नाहीतर तिथेही तेच पाणी पुन्हा खाली ठिबकेल.