रिकार्डो वाच, पण खानदेशातून

धुळे

चि. वैशाली,

एम.ए.ला आर्थिक विचारांचा इतिहास घेतलास, बरं वाटलं. पण स्मिथ, रिकार्डो, मिल परीक्षेपुरते पाठ करायचे असतील तर आत्ताच विषय बदल. कुठलाही सिद्धान्त समोर आला की आधी विचारायचं, बाबा रे, तू गृहीत काय धरलंयस?

आपल्याकडे हा प्रश्न नीट विचारला न्यायमूर्ती रानड्यांनी. वासुदेव बळवंत फडक्यांच्या बंडाच्या सुमारास, १८७९ साली, सरकारने संशयापोटी त्यांची धुळ्याला बदली केली. त्यांची पत्रंसुद्धा फोडली जात. पुढे १८९२ मध्ये डेक्कन कॉलेजातल्या व्याख्यानात त्यांनी मांडलं, की इंग्रजी पंडितांचा माणूस एकटा आणि आपल्या फायद्यापुरता हिशेब करणारा. त्यांचं भांडवल आणि मजूर नफा दिसेल तिकडे वळणारे. इथे माणसाआधी कुटुंब आणि जात उभी राहते, मजुरी रिवाजाने ठरते. मग ते नियम इथे जसेच्या तसे कसे लागतील? (त्यात धुळ्याचा वाटा किती ते सोड, धुळेकराला थोडी फुशारकी मारू दे.)

आपला कापूसच बघ. अमेरिकेतल्या यादवीत, १८६१ ते ६५, लँकेशायरला माल मिळेना, इथे भाव भडकला, लोकांनी कापूस वाढवला. मागणी-पुरवठ्याचं प्रकरण तंतोतंत खरं ठरलं. युद्ध संपलं, भाव कोसळला. सावकाराचं देणं मात्र कोसळलं नाही.

आजही दिवाळीनंतर गावोगाव फिरणारा खेडा खरेदीवाला व्यापारी अंगणात येतो, ढिगात कोपरापर्यंत हात घालतो, ‘ओल आहे’ म्हणतो आणि भाव पाडतो. सरकारी खरेदी करणाऱ्या सीसीआयला (कापूस महामंडळाला) ८ टक्के ओलावा चालतो, १२ पर्यंत कपात करून. म्हणजे माल वाळवत थांबायला हवं. पण वेचणीची मजुरी आणि कृषी केंद्राची उधारी डोक्यावर असलेला शेतकरी थांबेल कसा? पुस्तकात मात्र हा शेतकरी आणि तो व्यापारी बरोबरीचे, एक विक्रेता, एक ग्राहक.

प्रबंधाला विषय हवाय ना? आपल्याच खानदेशातल्या फैजपूरच्या काँग्रेस अधिवेशनाचा १९३६ चा शेतीविषयक कार्यक्रम घे. सारा, खंड, कर्ज यांबद्दल त्यात जे मागितलंय, त्यामागे रानड्यांचा विचार किती नि समाजवाद्यांचा किती, ते शोध. इथल्या राजवाडे संशोधन मंडळात त्याची कागदपत्रं आहेत का, याची मी चौकशी करून ठेवतो. येण्याआधी रानड्यांचा १८९८ चा अर्थविषयक निबंधसंग्रह मुळातून वाच. गाईड आणलंस तर दारातूनच परत पाठवीन.

तुझा मामा