कोथिंबिरीचा वाफा : इयत्ता तिसरी ते पाचवीसाठी एक पाठ

भाजीवालीने भाजीवर वरून टाकलेली चार काड्यांची कोथिंबीर प्रत्येक मुलाने पाहिलेली असते. परंतु हेच झाड फुलते आणि त्याचेच फळ म्हणजे घरच्या मसाल्याच्या डब्यातील धणे, हे पाचवीतील मुलासही पुष्कळदा ठाऊक नसते. याचा दोष काही अंशी शाळेच्या परसबागेकडेही जातो. वाफा हिरवा झाला की पोषण आहाराच्या खिचडीसाठी तो सगळाच कापला जातो आणि पाठ पानापाशीच थांबतो. म्हणून शिक्षकांनी आरंभीच वाफ्याचे दोन भाग पाडावेत, एक पानासाठी व दुसरा बियांसाठी. आणि दुसऱ्या भागास विळा लागू देऊ नये.

पेरणी दिवाळीच्या सुटीनंतर लगेच करावी. खानदेशचा हिवाळा या पिकास मानवतो. सुमारे चाळीस दिवसांत पाने खाण्याजोगी होतात आणि मार्चमध्ये, वार्षिक परीक्षेपूर्वीच, धणे हाती येतात. बीपासून बीपर्यंतचा संपूर्ण जीवनक्रम एकाच सत्रात दाखविणारी अशी पिके थोडी आहेत. उन्हाळ्यात हे झाड पाने धरण्याऐवजी घाईने फुलावर येते. जूनच्या उत्साहात पेरलेले पावसाच्या माऱ्याने लोळते.

बियाणे स्वयंपाकघरातलेच घ्यावे, मात्र ते भाजलेले वा फार जुने नसावे. दुकानातील रंगीत लेप दिलेले बियाणे विषारी औषध लावलेले असते. ते मुलांच्या हाती कदापि देऊ नये. धण्याचा गोल दाणा म्हणजे एक बी नव्हे, दोन बिया एकत्र असलेले फळ होय. पोळपाटावर लाटणे हलकेच फिरवून त्याची दोन दळे मुलांकडून वेगळी करवावीत व रात्रभर पाण्यात भिजत ठेवावीत. त्यांतील वीस दळे ओल्या फडक्यात बांधून किती उगवतात ते मोजले, म्हणजे पाचवीला शेकडेवारीचे जिवंत उदाहरण मिळते.

एक मीटर रुंद व दोन मीटर लांब वाफा पुरे. काळी माती वाळून घट्ट होते व कोंब अडतो, म्हणून तीत कुजलेले शेणखत व थोडी रेती मिसळावी. ओळींत वीतभर अंतर ठेवून बोटाच्या एका पेराहून कमी खोलीवर बी टाकावे. यावल-रावेरच्या केळीच्या पट्ट्यात पाण्याची चिंता कमी. अमळनेर, पारोळा, शिंदखेडा या बाजूस झारीने बेताचे पाणी द्यावे. हात धुतलेले साबणाचे पाणी मात्र या वाफ्यास नको, कारण हे पान कच्चे खाल्ले जाते. फवारणीही याच कारणाने वर्ज्य.

निंदणी करताना गाजरगवताची ओळख अवश्य करून द्यावी. त्याचे कातरलेले पान मुलांस कोथिंबिरीसारखे भासते. पण ते लवदार असते, कोथिंबिरीचे पान गुळगुळीत असते व चुरगाळताच त्याचा ओळखीचा वास येतो. गाजरगवताने अंगास खाज सुटते, म्हणून ते मोठ्यांनीच उपटावे.

जानेवारीत पान कापताना भरिताची गोष्ट काढावी. पऱ्हाट्यांच्या जाळावर भाजलेली वांगी, हिरवी मिरची, लसूण, कांद्याची पात आणि शेवटी कोथिंबीर, हा क्रम मुलेच सांगतील. कोथिंबीर शेवटीच का, असे विचारावे. शिजविल्याने तिचा वास उडतो आणि ‘क’ जीवनसत्त्वही घटते. तथापि कोथिंबिरीने अशक्तपणा हटतो असे फलकावर लिहू नये. ती चिमूटभरच खाल्ली जाते, आणि मुलांस खोटे शिकवू नये. अहिराणी, लेवा, पावरी बोलणाऱ्या घरांतील तिचे नाव विचारून फळ्यावर मांडावे. वऱ्हाडात आजोळ असलेले मूल ‘सांबार’ म्हणेल.

राखलेल्या भागावर छत्रीसारखे पांढरे तुरे आले की घंटाभर वर्ग तेथेच भरवावा. कडेच्या फुलांच्या बाहेरील पाकळ्या मोठ्या का, मधमाशी कशासाठी येते, हे पाहू द्यावे. जिरे, ओवा, बडीशेप व गाजर ही याच कुळातील. पहिली तीन मुले घरून पुडीत आणू शकतील.

दाणे पिवळसर तपकिरी होताच झाडे सकाळच्या गारव्यात कापावीत, म्हणजे धणे गळत नाहीत. सावलीत वाळवून हातांनी चोळावेत, कोरड्या डब्यात भरावेत आणि डब्यावर पेरणीची, पहिल्या फुलाची व काढणीची तारीख वर्गाच्या नावासह लिहावी. पुढील दिवाळीनंतर खालच्या वर्गाने हेच धणे पेरावयाचे आहेत.