परदेशातील खरेदी आणि कराचा परतावा

छत्तीसगढमध्ये मूल्यवर्धित कर, म्हणजेच व्हॅट, 1 एप्रिल 2006 रोजी लागू झाला आणि बहुतेक वस्तूंच्या बाबतीत 1 जुलै 2017 पासून त्याची जागा वस्तू व सेवा कराने घेतली. रायपूरच्या पंडरी बाजारातील कापड व्यापाऱ्यांना या अकरा वर्षांत या कराची रीत अंगवळणी पडली. विक्रीच्या प्रत्येक टप्प्यावर कर आकारला जातो, आधीच्या टप्प्यावर भरलेल्या कराची वजावट मिळते आणि अखेर सगळा भार शेवटच्या ग्राहकावर येऊन ठेपतो. फ्रान्समध्ये मोरिस लॉरे या वित्त अधिकाऱ्याने 1954 साली रुजविलेली ही पद्धत पुढे जगातील बहुतेक देशांनी स्वीकारली. परदेशी पर्यटकाला खरेदीवर मिळणारा कराचा परतावा हे याच पद्धतीचे अपत्य होय.

परदेशवारीहून परतणाऱ्या अनेकांच्या सामानात मात्र परताव्याचे अर्ज शिक्क्याविना तसेच पडून राहतात. दुकानदाराने अर्ज दिलेला असतो, पासपोर्टचा क्रमांकही त्यावर असतो. पुढची पायरी तेवढी राहून जाते. परतावा म्हणजे दुकानदाराने किंवा सरकारने पाहुण्याला दिलेली एक सवलत, असा समज त्यामागे असतो. तो समज दूर झाला की या योजनेतील किचकट वाटणारे नियम आपोआप उलगडू लागतात.

ग्राहक हाच निर्यातदार

वस्तूवरील कर, ती वस्तू जेथे उपभोगली जाते त्या देशाने घ्यावा, हे मूल्यवर्धित कराचे मूलतत्त्व आहे. चांप्याचे कोसा कापड व्यापाऱ्याने परदेशी पाठविले, तर त्यावर भारतातील कराचा बोजा राहत नाही. पॅरिसच्या दुकानात घेतलेली चामड्याची पिशवी प्रवासी रायपूरला घेऊन आला, तर फ्रान्सच्या दृष्टीने तीही निर्यातच ठरते. फक्त माल जहाजाऐवजी प्रवाशाच्या पेटीतून जातो. तो खरोखरच देशाबाहेर जाईल याची खात्री विक्रीच्या क्षणी दुकानदाराला नसते. म्हणून तो आधी कर घेतो आणि निर्यातीचा पुरावा मिळाल्यावर रक्कम परत होते. हा पुरावा म्हणजेच सीमाशुल्क अधिकाऱ्याचा शिक्का.

हॉटेलचे भाडे, भोजन, टॅक्सी यांवरील कर परत का मिळत नाही, याचे उत्तर येथेच मिळते. त्या सेवांचा उपभोग त्या देशातच झालेला असतो. वस्तू न वापरता, शक्यतो मूळ वेष्टनात दाखवावी लागते, तीही याच कारणाने. प्रवासातच फोडून वापरलेल्या अत्तराची निर्यात झाली असे कोण म्हणेल?

पात्रता ठरते ती वास्तव्यावरून. नागरिकत्वाचा येथे फारसा संबंध नसतो. जर्मनीत वास्तव्याचा परवाना घेऊन शिकणारा भिलाईचा विद्यार्थी भारतीय नागरिक असला, तरी तो तेथील रहिवासी असल्याने परताव्यास पात्र नाही. त्याला भेटावयास गेलेले आईवडील पात्र आहेत. मात्र खरेदी त्यांची असावी, अर्ज त्यांच्या नावावर व त्यांच्या पासपोर्टवर असावा आणि वस्तू त्यांच्याच सामानातून बाहेर जावी. मुलाने स्वतःच्या नावे बिल करून घेतले, तर पुढे विमानतळावर काहीही करता येत नाही.

किती रक्कम मिळेल याविषयी मोठी गफलत होते. युरोपात दुकानातील किमतीत कर आधीच मिळविलेला असतो. फ्रान्समध्ये कराचा सर्वसाधारण दर 20 टक्के आहे. 600 युरोच्या वस्तूत मूळ किंमत 500 व कर 100 युरो असतो. म्हणजे कर हा छापील किमतीच्या सहाव्या भागाइतका भरतो. त्यातून परताव्याचे काम पाहणारी कंपनी आपले शुल्क वजा करते. ग्लोबल ब्लू व प्लॅनेट ही या व्यवसायातील परिचित नावे होत. सर्व वजावटीनंतर फ्रान्समध्ये प्रवाशाच्या हाती बहुधा किमतीच्या 12 टक्क्यांच्या आसपास रक्कम येते. 600 युरोंवर 120 युरोंची अपेक्षा धरणाऱ्याला 72 युरो मिळाले की फसवणूक झाल्यासारखे वाटते. हिशेब आधीच ठाऊक असला तर तसे वाटत नाही.

शिक्का कोठे घ्यावा

युरोपीय संघाचे देश या बाबतीत एकच सीमा मानतात. पॅरिस, म्युनिक व रोम येथे खरेदी केली, तरी शिक्का संघातून अखेरचे बाहेर पडताना घ्यावयाचा असतो, आणि तोही खरेदीच्या महिन्यानंतरच्या तिसऱ्या महिन्याच्या अखेरीपर्यंत. मे महिन्यात घेतलेली वस्तू ऑगस्टअखेर संघाबाहेर गेली पाहिजे. किमान खरेदीची अट देशागणिक निराळी आहे : फ्रान्समध्ये 100 युरोंहून अधिक, जर्मनीत 50 युरोंहून अधिक, इटलीत 1 फेब्रुवारी 2024 पासून 70 युरोंहून अधिक; स्पेनने तर 2018 साली किमान मर्यादाच काढून टाकली.

रायपूरच्या प्रवाशाला येथे एक अधिकची दक्षता घ्यावी लागते. माना येथील स्वामी विवेकानंद विमानतळावरून निघालेला प्रवासी बहुधा मुंबई वा दिल्लीमार्गे जातो व येतो, आणि युरोपातही अनेकदा विमान बदलतो. समजा, परतीचा मार्ग पॅरिस, फ्रँकफर्ट, मुंबई असा आहे. मोठी पेटी पॅरिसलाच थेट मुंबईपर्यंत सोपविली, तर फ्रँकफर्टला ती हाती येत नाही आणि अधिकाऱ्याला वस्तू दाखविता येत नाही. म्हणून पेटीतील वस्तूंचा शिक्का पेटी सोपविण्यापूर्वी पॅरिसला घ्यावा. हातसामानातील वस्तूंचा शिक्का फ्रँकफर्टला. फ्रान्समध्ये पाब्लो नावाची यंत्रे बसविलेली असून अर्जावरील पट्टी त्यांत दाखविली की नोंद होते. यंत्राने नकार दिल्यास अधिकाऱ्याच्या खिडकीवर जावे लागते. त्यामुळे विमानतळावर नेहमीपेक्षा तासभर तरी आधी पोहोचणे हिताचे.

खरी अडचण होते ती स्वित्झर्लंडमध्ये. हा देश युरोपीय संघात नाही, आणि आपल्याकडील बहुतेक सहली पॅरिसहून स्वित्झर्लंड व तेथून इटली अशाच आखलेल्या असतात. ल्युसर्नला घेतलेल्या घड्याळावरील स्विस कर 2024 पासून 8.1 टक्के आहे व परताव्यासाठी किमान 300 फ्रँकांची खरेदी लागते. त्या अर्जावर शिक्का स्वित्झर्लंड सोडतानाच हवा; रोमच्या विमानतळावरील इटालियन अधिकारी स्विस अर्जाला हात लावीत नाही. सहलीची बस मात्र रात्रीच्या वेळी सीमा ओलांडून पुढे निघून जाते. बस सीमेवरील कचेरीपाशी थांबेल काय, हे सहल व्यवस्थापकाला खरेदीपूर्वीच विचारावे. थांबणार नसेल, तर परतावा मिळणार नाही असे धरूनच घड्याळाची किंमत ठरवावी.

आशियात हा व्यवहार पुष्कळ सुटसुटीत आहे. सिंगापूरमध्ये 1 जानेवारी 2024 पासून कर 9 टक्के असून 100 सिंगापूर डॉलरच्या खरेदीवर परतावा मिळतो. सारी नोंद संगणकावर होते. थायलंडमध्ये कर 7 टक्के व एका दुकानातील एका दिवसाची किमान खरेदी 2000 बाट. दुबईत 2018 साली 5 टक्के कर आला आणि त्याच वर्षाच्या अखेरीस पर्यटकांसाठी परताव्याची सोयही झाली; तेथे 250 दिरहमांची अट आहे. इतक्या अल्प दराच्या करातून शुल्क वजा जाता किरकोळ खरेदीवर फारसे काही उरत नाही, हेही ध्यानात ठेवावे.

जेथे परतावा मिळत नाही

लंडनविषयीची जुनी माहिती अजूनही एकमेकांना सांगितली जाते. ब्रिटनने 1 जानेवारी 2021 पासून इंग्लंड, स्कॉटलंड व वेल्समधील पर्यटकांचा परतावा बंद केला. योजना उरली ती उत्तर आयर्लंडपुरती. दुकानदाराने माल थेट परदेशातील पत्त्यावर पाठविला तरच कराविना विक्री करता येते.

अमेरिकेत मूल्यवर्धित करच नाही. तेथील विक्रीकर राज्ये व स्थानिक संस्था लावतात, तो किमतीच्या चिठ्ठीवर न दिसता गल्ल्यावर बिलात मिळविला जातो, आणि पर्यटकाला तो परत देणारी कोणतीही केंद्रीय योजना नाही. न्यू जर्सीत मुलाबाळांकडे जाणाऱ्या मराठी आईवडिलांना एवढे समाधान की तेथे 6.625 टक्के कर असला, तरी बहुतेक कपड्यांना तो लागू नाही. आणि शेजारच्या डेलावेअर राज्यात विक्रीकरच नाही.

रक्कम हाती आल्यावर

परतावा रोखीने घेतल्यास बहुधा जादा शुल्क पडते. कार्डावर घेतल्यास काही आठवडे लागतात. आगाऊ भरणा केलेल्या प्रवासी कार्डावर अशी रक्कम जमा होऊ शकते काय, याची चौकशी निघण्यापूर्वीच आपल्या शाखेत करावी. शहरातील खिडकीवर परतावा आधीच रोखीने दिला जातो, तेव्हा हमी म्हणून क्रेडिट कार्डाचा क्रमांक घेतात. शिक्का मारलेला अर्ज मुदतीत पोहोचला नाही तर ती रक्कम कार्डावरून वसूल होते. रुपयांत रक्कम देऊ केल्यास विनिमयाचा दर पाहावा; तो क्वचितच अनुकूल असतो. परत आणलेल्या परकीय नोटांपैकी 2000 अमेरिकी डॉलरच्या मूल्यापर्यंतच्या नोटा जवळ ठेवता येतात. त्यावरील नोटा परतल्यापासून 180 दिवसांत अधिकृत विक्रेत्याकडे वा बँकेत जमा कराव्या लागतात. सहलीचे पैसे भरताना भारतात गोळा होणारा टीसीएस हा वेगळाच विषय आहे. त्याचे समायोजन आयकर विवरणपत्रात होते.

यानंतर मालाचा दुसरा टोकाचा प्रवास सुरू होतो. फ्रान्सची निर्यात म्हणजे भारताची आयात. रायपूरच्या प्रवाशाची तपासणी बहुधा मुंबईत वा दिल्लीतच होते. 2016 च्या बॅगेज नियमांनी रहिवाशाला 50,000 रुपयांपर्यंतच्या वस्तू शुल्काविना आणण्याची मुभा दिली होती. फेब्रुवारी 2026 च्या नियमांनी ती 75,000 रुपये केली. पतीपत्नींच्या मर्यादा एकत्र करून एकच महागडी वस्तू त्यात बसविता येत नाही. ज्या पावतीवर पॅरिसला परतावा मागितला, तीच पावती मुंबईत वस्तूची किंमत सांगते, आणि मर्यादेवरील किमतीवर पडणारे शुल्क मिळालेल्या परताव्याहून अधिक भरू शकते. दोन लाखांचे घड्याळ घेताना हे दोन्ही हिशेब शेजारी शेजारी मांडले पाहिजेत.

भारतात येणाऱ्या परदेशी पाहुण्याचे काय? एकात्मिक वस्तू व सेवा कर कायदा, 2017 च्या कलम 15 मध्ये त्याच्यासाठीही परताव्याची तरतूद लिहिलेली आहे. सहा महिन्यांपर्यंतच्या मुक्कामासाठी आलेल्या, भारतात सामान्यतः न राहणाऱ्या व्यक्तीला ती लागू व्हावयाची होती. परंतु 1 जुलै 2017 रोजी या कायद्याची जी कलमे अंमलात आली, त्यांत कलम 15 चा समावेश नव्हता. रायपूरला कोशाची साडी घेणाऱ्या परदेशी पाहुणीकडून 5 टक्के कर घेतला जातो. हीच साडी व्यापाऱ्याने तिच्या देशी निर्यात केली असती, तर कराचा भार उतरला असता. तिने स्वतःच्या पेटीतून नेली, म्हणून तो राहतो. बस्तरच्या ढोकरा मूर्ती व चांप्याचा कोसा विकणाऱ्या कारागिरांच्या दृष्टीने या कलमाची अंमलबजावणी पॅरिसमधील परताव्याइतकीच अगत्याची आहे.