ट्रॅक्टरचा तेलदाब-दिवा : दोष स्विचचा की इंजिनाचा ?

काम चालू असता ट्रॅक्टरच्या फलकावरील तेलदाबाचा तांबडा दिवा लागल्यास इंजिन तत्काळ बंद करावे. हाती घेतलेले तास पुरे करण्याचा मोह धरू नये. वंगणाचा दाब नाहीसा झाला म्हणजे क्रँकशाफ्टची बेअरिंगे अल्पावधीतच कोरडी पडून झिजतात व इंजिन जाम होते. त्या खर्चापुढे स्विचची किंमत नगण्य होय.

परंतु दिवा लागला म्हणजे दाब उतरलाच, असे नव्हे. हा दिवा चालविणारा स्विच इंजिनाच्या ब्लॉकमध्ये आट्यांवर बसविलेला असतो. त्याच्या पोटात एक पातळ पडदा असतो. इंजिन बंद असता आतील संपर्क जुळलेले असतात, म्हणून चावी फिरविताच दिवा लागतो. इंजिन सुरू होऊन तेलाने पडदा दाबला की संपर्क सुटतात व दिवा विझतो. संपर्क चिकटले, तर इंजिन निर्दोष असूनही दिवा जळतच राहतो. स्विचच्या टोकाशी तेलाची ओल दिसल्यास तो आतून फुटला असे बहुधा समजावे.

प्रथम ट्रॅक्टर सपाट जागी उभा करून डिपस्टिकने तेल पाहावे. ते पुरेसे असेल तर स्विचवरील वायर काढून, इंजिन सुरू न करता, नुसती चावी फिरवावी. तरीही दिवा लागला तर वायर कोठेतरी सोलवटून धातूस टेकली आहे. न लागल्यास दोष स्विचमध्ये अथवा खुद्द दाबामध्ये आहे. येथे तर्क कामाचा नाही. मिस्त्रीकडून स्विचच्या जागी काट्याचे दाबमापक बसवून घ्यावे व इंजिन क्षणभर चालवावे. काटा मुळीच न हलल्यास इंजिन लगेच थांबवावे. मग पंप, गाळणी व बेअरिंगे तपासणे आले. गरम इंजिनावरही माहितीपुस्तिकेत दिलेला दाब भरला, तरच स्विच बदलावा.

चावी फिरवूनही दिवा न लागणे हे अधिक घातक, कारण ते कोणाच्या ध्यानी येत नाही. अशा वेळी वायरचे टोक इंजिनाच्या उघड्या धातूस टेकवावे. दिवा लागला तर स्विच बाद झाला. न लागला तर बल्ब, फ्यूज वा वायर पाहावी. तीन तारांचा इलेक्ट्रॉनिक सेन्सर असलेल्या ट्रॅक्टरवर मात्र हा प्रयोग करू नये.

नवा स्विच त्याच आट्यांचा व त्याच दाबाचा घ्यावा. एका वायरीच्या स्विचचे अर्थिंग आट्यांतूनच होते. त्यांवर टेपचे वेढे चढविल्यास दिवा लागेनासा होतो. त्रास नको म्हणून वायरच तोडून ठेवणारे कारागीरही आढळतात. त्यांच्या हाती ट्रॅक्टर देऊ नये. स्विच बसविल्यावर इंजिन सुरू करून दिवा काही सेकंदांत विझतो ना, व आट्यांशी तेल झिरपत नाही ना, हे पाहूनच नांगर जोडावा.