संत्र्याच्या सालीचे सुगंधी तेल



मी इयत्ता चौथीत शिकते. या वेळच्या भित्तिपत्रकासाठी सरांनी प्रत्येकाला घरी करून पाहिलेली एक गोष्ट लिहायला सांगितली. मी संत्र्याच्या सालीचे सुगंधी तेल केले. ते पहिल्यांदा बिघडले, दुसऱ्यांदा जमले. दोन्ही वेळचे लिहिते, कारण बिघडलेले आधी वाचले तर तुमचे तेल वाया जाणार नाही.

आमचे गाव वरूड तालुक्यात आहे. इकडे संत्र्याच्या बागा आहेत हे तुम्हांला माहीतच आहे. नागपुरी संत्र्याला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळाले, त्यात आपला अमरावती जिल्हाही आला. आमच्या बागेत आधी २१० झाडे होती. २०१९ च्या उन्हाळ्यात विहीर आटली आणि झाडे उभी वाळली. मी तेव्हा चार वर्षांची होते. मला फक्त करवतीचा आवाज आठवतो. आता ३४ झाडे आहेत. ती झाडे लावली तेव्हा आजी डोक्यावर घागर घेऊन एकेका कलमाला पाणी घालायची. जंबेरीच्या खुंटावर संत्र्याचा डोळा बांधून ही कलमे करतात.

या पावसाळ्यात आजी अंगणात घसरून पडली आणि तिचे खुब्याचे हाड मोडले. तेव्हापासून ती बाजेवरच आहे. दिवाळीच्या सुमारास आंबिया बहाराची संत्री तोडायला सुरुवात झाली, सगळे शेतात गेले, आजी घरी. संध्याकाळी मी तिच्याजवळ बसले तर ती म्हणाली, "यंदा बागेचा वास काही आला नाही मले." म्हणून मी तेल करायचे ठरवले.

आता पहिली चूक. मी कोणाला विचारले नाही. संत्री सोलली, ओल्या साली तशाच बरणीत कोंबल्या, वरून आईची खोबरेल तेलाची अर्धा लिटरची बाटली रिकामी केली. बरणी ज्वारीच्या कोठीमागे लपवून ठेवली. पंधरा दिवसांनी झाकण उघडले तर सुगंध कुठला, आंबूस घाण वास! तेलाच्या वर आलेल्या सालींवर कापसासारखी करडी बुरशी आली होती. तळाशी गढूळ पाणी साचले होते. आईने पाहिले आणि म्हणाली, "हे काय करून ठेवलं वं? महिन्याचं तेल नासवलं पोरीनं!" मी रडले. तेल उकिरड्यावर टाकावे लागले. बुरशी आलेले तेल गाळून वापरू नये, असे सरांनी नंतर सांगितले.

शाळेत मी सरांना विचारले, तेल का बिघडले? सर लगेच उत्तर देत नाहीत. ते म्हणाले, "तू बरणीत पाणी घातलं होतंस का?" मी म्हणाले, नाही सर, एक थेंबसुद्धा नाही. सर म्हणाले, "मग तळाशी पाणी कुठून आलं? साली तोलून बघ, वाळव, परत तोल."

मी दहा संत्र्यांच्या साली घेतल्या. आतला पांढरा भाग चमच्याने खरवडून टाकला, कारण त्याला वास नसतो आणि तो तेल शोषून घेतो. दुकानदार काकांच्या काट्यावर साली ३०० ग्रॅम भरल्या. सहा दिवस वाळवल्यावर त्याच साली ८० ग्रॅम भरल्या. गणित करा.

३०० – ८० = २२० ग्रॅम

वाळताना थोडा वासही उडाला असेल, पण बाकी सगळे पाणीच होते! मी हाताने घातले नव्हते तरी सालींसोबत पेलाभर पाणी बरणीत गेले होते. पाणी तेलापेक्षा जड, म्हणून ते तळाशी बसले. आणि ओलसर साली वर येऊन हवेला लागल्या, म्हणून त्यांना बुरशी धरली. नुसत्या तेलात बुरशी वाढत नाही, तिला पाणी लागते.

साली मी दोन सुपांत वाळवल्या होत्या. एक सूप धाब्यावर उन्हात, दुसरे घरात खिडकीपाशी सावलीत. उन्हातल्या दोन दिवसांत वाळल्या पण रंग उडाला आणि वासही कमी झाला. सावलीतल्या सहा दिवसांनी वाळल्या, पण चुरडल्या की हाताला वास लागत होता. म्हणून सावलीच बरी. साल मोडताना कट्कन आवाज आला म्हणजे वाळली. वाकली तर अजून ओली आहे.

आता वास सालीत असतो तरी कुठे? शाळेच्या विज्ञान पेटीतले भिंग घेऊन संत्र्याची साल बघा. बारीक बारीक ठिपके दिसतात. त्या तेलाच्या पिशव्या आहेत. साल दुमडली की त्या फुटतात आणि फवारा उडतो. डोळ्यात गेला की झोंबतो, हे सगळ्यांना माहीत आहे कारण आपण एकमेकांच्या डोळ्यात उडवतोच. त्या तेलात सगळ्यात जास्त भाग लिमोनीन नावाच्या पदार्थाचा असतो.

सरांनी वर्गात तीन गंमती करून दाखवल्या. मेणबत्तीच्या ज्योतीजवळ साल दुमडली तर फुलबाजीसारख्या ठिणग्या उडाल्या, म्हणजे ते तेल पेटते. ही गंमत मोठ्या माणसाशिवाय करू नका. फुगवलेल्या फुग्यावर साल पिळली तर फुगा फट्‍दिशी फुटला. थर्माकोलच्या तुकड्यावर पिळली तर तिथे खड्डा पडला! मला त्यावरून एक युक्ती सुचली. बाटलीवरचा चिकट कागद निघत नव्हता, त्यावर साल घासली तर डिंक सुटला. हे मला कोणी शिकवले नाही.

दुसऱ्या वेळेस तेल आणायला आई पैसे देईना. आजीने पदराची गाठ सोडली आणि मला पैसे दिले. म्हणाली, "आता नीट कर." त्या दिवशी मला फार भीती वाटली.

साहित्य असे: सावलीत वाळलेल्या साली ८० ग्रॅम, खोबरेल तेल २५० मिलीलिटर, खलबत्ता, स्टीलचा डबा, पातेले, काचेची बरणी, मलमलचे फडके.

संत्री सोलायच्या आधी धुवायची आणि पुसायची, कारण बागेत फवारणी केलेली असते. वाळलेल्या साली खलबत्त्यात जाड्याभरड्या कुटायच्या. पीठ करायचे नाही, मग गाळता येत नाही. डब्यात तेल आणि साली घालायच्या. पातेल्यात पाणी ठेवून त्यात तो डबा ठेवायचा आणि मंद गॅसवर एक तास गरम करायचा. हे काम आईने केले, मी बघितले. डबा सरळ गॅसवर ठेवायचा नाही. आजी म्हणाली की साली करपल्या तर तळणाचा वास येतो, संत्र्याचा नाही. आणि डब्याला झाकण ठेवले तर त्याच्या आतून वाफेचे थेंब तेलात पडतात, म्हणून आईने वर फडके बांधले. गार झाल्यावर तेल सालींसकट कोरड्या बरणीत भरले. बरणी धुतल्यावर मी दिवसभर उन्हात पालथी ठेवली होती. या वेळेस ओल्या चमच्यालासुद्धा मी हात लावला नाही.

ही बरणी दहा दिवस ठेवायची आणि रोज हलवायची. पण डिसेंबरची थंडी पडली आणि तेल गोठून पांढरे झाले. मला वाटले परत बिघडले! मी धावत आजीकडे गेले. ती हसायला लागली. खोबरेल तेल थंडीत गोठतेच, डोक्याला लावायची बाटली आपण उन्हात ठेवतो ना, तसेच. मग मी बरणीला काळे फडके गुंडाळून दुपारी उन्हात ठेवायची. तेल पातळ झाले की हलवायची. उजेडाने वास कमी होतो म्हणून फडके पाहिजे.

दहा दिवसांनी गाळले. रंग पिवळसर केशरी आला, पण वास हलकाच होता. तेव्हा त्याच तेलात नव्या वाळलेल्या सालींचा चुरा घालून सगळे पुन्हा केले. आता बोटाला लावले तर जवळून वास येतो. खरे सांगायचे तर बाजारातल्या अत्तरासारखा लांबून येत नाही. साली तेल पिऊन टाकतात म्हणून शेवटी एकच लहान बाटली भरली. दोन वेळच्या मिळून वीस संत्र्यांची एक बाटली! ज्यांना विकायचे मनात येईल त्यांनी हा हिशोब आधी करावा. बाबांनी तो केला आणि गप्प बसले.

निव्वळ तेल काढायचे असेल तर वाफेवर काढतात. सरांनी विज्ञान पेटीतल्या चंबूत साली आणि पाणी उकळून, नळीला ओले फडके गुंडाळून दाखवले. पेल्यात पाणी जमले आणि त्यावर तेलाचे बारीक डोळे तरंगले. साधारण अशाच रीतीने उत्तर प्रदेशातील कनौज गावी फुलांचे अत्तर काढतात. तिथे तांब्याच्या मोठ्या हंड्याला देग म्हणतात आणि वाफ जिथे गार होऊन जमते त्या भांड्याला भपका म्हणतात. घरी कुकरला नळी लावून असले काही करू नका, वाफेने भाजते.

माझ्या मैत्रिणीने पेरूचे तेल करून पाहिले. ते आंबले आणि दारूसारखा वास सुटला. पेरू, आंबा, केळे यांच्या गरात पाणी फार आणि संत्र्यासारख्या तेलाच्या पिशव्या सालीत नाहीत. मोसंबी, लिंबू, ईडलिंबू यांचे मात्र होते. केळ्याच्या वासाच्या गोळ्या मिळतात, त्यात बहुतेक वेळा केळे नसतेच. तो वास कारखान्यात तयार करतात. त्या पदार्थाचे नाव सरांनी फळ्यावर लिहून दिले, आयसोअमाइल ॲसिटेट. ते मला पाठ आहे, पण तीनदा भरभर म्हणता येत नाही.

आईबाबांसाठी लिहिते. हे तेल खायचे नाही. तान्ह्या बाळाला लावायचे नाही. आधी कोपराच्या आतल्या बाजूला एक थेंब लावून एक दिवस बघायचे, खाज आली तर लावू नये. लिंबाच्या सालीचे केले असेल तर ते लावून उन्हात जाऊ नये, कातडीवर काळे चट्टे पडतात.

बाटली घेऊन मी आजीकडे गेले. तिच्या दोन्ही तळहातांना तेल लावले. तिने हात नाकाशी नेले आणि किती तरी वेळ काढलेच नाहीत. मी विचारले, "आजी, बागेचा वास आला?" ती म्हणाली, "लय चांगलं झालं पोरी. पण हा त फळाचा वास हाये. बागेचा वास म्हणजे फुलाचा."

मला आधी वाईट वाटले. मग मी बाबांना विचारले. ते म्हणाले, आजीचे बरोबर आहे. आता झाडांना ताण दिलेला आहे, म्हणजे पाणी तोडले आहे. ताण सोडून पाणी दिले की झाडे फुलतात, मग रात्रीसुद्धा बांधावरून वास येतो. आंबिया बहाराची फुले जानेवारी-फेब्रुवारीत येतात. आमच्या ३४ झाडांवर अजून कळ्या नाहीत, मी रोज बघते.

फुले झाडावरची तोडायची नाहीत असे बाबांनी बजावले आहे, कारण फुलाचेच संत्रे होते. पण पुष्कळ फुले आपोआप गळतात. ती दव वाळल्यावर वेचायची, झाडाखाली जुने लुगडे अंथरून. फुलात तर सालीपेक्षाही जास्त पाणी असणार. म्हणून आधी तोलून घेईन, वाळवीन, परत तोलीन. दुकानदार काकांनी काटा द्यायचे कबूल केले आहे. आजी म्हणाली, लुगडे तिचे घ्यायचे.