स्मोक्तुनोव्स्की यांचा हॅम्लेट

यंदा तिसऱ्या वर्षाच्या वर्गाला ‘हॅम्लेट’ शिकवीत असताना एका विद्यार्थिनीने विचारले, “सर, हा राजपुत्र नुसता विचारच करीत बसतो. त्याला भित्रा का म्हणू नये?” प्रश्न रास्त होता. त्या दिवशी मला समाधानकारक उत्तर देता आले नाही. पुढच्या आठवड्यात मी वर्गाला ग्रिगोरी कोझिन्त्सेव यांचा १९६४ सालचा रशियन ‘हॅम्लेट’ दाखविला. त्यात राजपुत्राची भूमिका करणाऱ्या इनोकेंती स्मोक्तुनोव्स्की या नटाच्या आयुष्यातच या प्रश्नाचे उत्तर आहे, असे मला वाटते.

हॅम्लेट मराठी रसिकाला परका नाही. आगरकरांनी १८८३ साली ‘विकारविलसित’ या नावाने तो मराठीत आणला आणि गणपतराव जोशी यांनी ती भूमिका गाजविली. रशियन हॅम्लेटची वाट मात्र रणांगणावरून आली.

स्मोक्तुनोव्स्की यांचा जन्म १९२५ साली सायबेरियातल्या एका खेड्यात झाला. अठराव्या वर्षी ते आघाडीवर गेले. कुर्स्कची लढाई त्यांनी पाहिली. डिसेंबर १९४३ मध्ये कीव्हजवळ ते जर्मनांच्या हाती सापडले. महिन्याभराने ते कैदेतून निसटले. एका युक्रेनियन कुटुंबाने जीव धोक्यात घालून त्यांना लपविले. पुढे ते गनिमी तुकडीत सामील झाले आणि पुन्हा लढले. शौर्यपदके मिळाली, परंतु स्टालिनच्या राज्यात शत्रूच्या कैदेत राहून आलेला माणूस संशयित ठरत असे. मोठ्या शहरांची दारे त्यांना बंद झाली. आर्क्टिक वर्तुळापलीकडील नोरिल्स्क या छावण्यांच्या गावी, तेथील रंगभूमीवर, त्यांनी १९५१ पर्यंत काम केले. नंतर ते मखाचकला, स्टालिनग्राड अशी गावे हिंडले.

स्टालिनच्या मृत्यूनंतर वारे बदलले. ‘सैनिक’ (१९५६) या चित्रपटातील लेफ्टनंट फार्बरच्या भूमिकेने ते पडद्यावर पुढे आले. १९५७ च्या अखेरीस लेनिनग्राडला तोवस्तोनोगोव यांच्या दिग्दर्शनाखाली दोस्तोयव्हस्कीच्या ‘इडियट’मधील प्रिन्स मिश्किन त्यांनी साकारला आणि हा नट सर्वतोमुखी झाला.

कोझिन्त्सेव यांच्या चित्रपटासाठी पास्तरनाक यांचा अनुवाद आणि शोस्ताकोविच यांचे संगीत होते. राजसत्तेचा जाच या दोघांनीही सोसलेला. स्मोक्तुनोव्स्की यांचा हॅम्लेट हातवारे करीत नाही, गर्जत नाही. प्रसिद्ध स्वगताच्या वेळी तो समुद्रकाठच्या खडकांवरून चालत असतो. ओठ मिटलेले असतात आणि शब्द मनातल्या मनात उमटतात. जेथे भिंतीलाही कान आहेत, तेथे शहाणा माणूस असाच विचार करतो! मात्र जुने मित्र हेरगिरीला येतात, तेव्हा बासरीच्या प्रवेशात हाच शांत माणूस त्यांना असा झिडकारतो, की सारा वर्ग स्तब्ध झाला. १९६५ साली या भूमिकेसाठी त्यांना लेनिन पारितोषिक मिळाले. ज्या राज्याने संशय घेतला, त्यानेच गौरव केला.

१९६६ च्या ‘मोटारीपासून सावध’ या विनोदी चित्रपटात ते विमा एजंट झाले. लाचखोरांच्या मोटारी चोरून तो पैसा बालकाश्रमांना देणारा हा भाबडा चोर हौशी नाटकमंडळीत चक्क हॅम्लेट करतो! आपल्याच कीर्तीकडे इतके मिस्किलपणे पाहणारा नट विरळा. पुढे ‘चायकोव्हस्की’, ‘वान्या मामा’ अशा अनेक भूमिका त्यांनी केल्या. तार्कोव्हस्की यांच्या ‘आरसा’मधील निवेदकाचा आवाजही त्यांचाच. १९९४ साली त्यांचे निधन झाले.

आता त्या विद्यार्थिनीच्या प्रश्नाकडे वळू. मृत्यू, कैद आणि संशय हे तिन्ही जवळून पाहिलेल्या माणसाने हॅम्लेट असा शांत उभा केला. हॅम्लेट थांबतो तो भीतीने नव्हे; हाती तलवार घेतली की काय काय घडते, हे त्याला कळते म्हणून. चित्रपट संपल्यावर मी तिला पुन्हा विचारले. ती म्हणाली, “सर, नाटक परत वाचते, मग सांगते.” शिक्षकाला याहून चांगले उत्तर कोणते हवे?