म्हशीचा सौदा आणि कलम १८

दोन वर्षांपूर्वी वडिलांनी आठवडी बाजारातून म्हैस घेतली. "दोन्ही वेळचं मिळून दहा लिटर दूध देते," असे व्यापाऱ्याने सांगितले. घरी आल्यावर ती पाच लिटरच्या वर कधी गेली नाही. कर्जाचे हप्ते मात्र दहा लिटरच्या हिशेबाने ठरले होते. त्या वर्षी माझी फी उशिरा भरली गेली. वडील आजही म्हणतात, "तो माणूस खोटा नव्हता. त्यालाच कुणी तसं सांगितलं असेल."

खोटे बोलणे आणि खात्री न करता बोलणे यांत कायदा फरक करतो काय, हे पाहण्यासाठी मी ग्रंथालयातून १८७२ च्या भारतीय करार कायद्याचे पुस्तक काढले. आमच्या घरात आलेले कायद्याचे हे पहिलेच पुस्तक!

कायदा फरक करतो. स्वतःचा विश्वास नसताना, फसवण्याच्या हेतूने एखादी गोष्ट खरी म्हणून सांगणे हे कलम १७ प्रमाणे कपट. गोष्ट खरी वाटते, पण ठामपणे सांगण्याइतकी माहिती जवळ नाही. तरी सांगितली आणि असत्य निघाली, तर ते कलम १८ प्रमाणे मिथ्या निवेदन. दोन्हींत फसलेल्या पक्षाला करार रद्द करता येतो.

इंग्लंडमध्ये १८८९ साली 'डेरी विरुद्ध पीक' हा खटला गाजला. वाफेवर ट्राम चालवण्याचा हक्क आपणांस आहे, असे एका कंपनीच्या संचालकांनी माहितीपत्रकात छापले. त्याला सरकारी बोर्डाची संमती लागत होती. ती बहुतांशी मिळाली नाही. कंपनी गुंडाळली गेली, भाग घेणाऱ्या पीक यांचे पैसे गेले. पण संचालकांचा आपल्या विधानावर प्रामाणिक विश्वास होता, म्हणून ते कपटाच्या आरोपातून सुटले. खऱ्याखोट्याची पर्वाच न करता बोलणे मात्र कपटच, असेही तेथे ठरले. निव्वळ निष्काळजी शब्दाबद्दल भरपाई मागता येते, हे तत्त्व मान्य व्हायला तेथे १९६३ साल उजाडले.

आता आमची म्हैस. कलम १९ ला एक अपवाद आहे. साधारण दक्षता घेऊन खरे कळण्याजोगे असेल, तर मिथ्या निवेदनाच्या आधारे करार मोडता येत नाही. धार काढून पाहण्याची रीत बाजारात आहेच. वडिलांनी पाहिली नव्हती. उघड खोटे सांगून केलेल्या कपटाला हा अपवाद लागू नाही. म्हणजे व्यापाऱ्याला प्रामाणिक मानून वडील आपलीच बाजू लंगडी करतात!

हे सारे त्यांना वाचून दाखवले. ते म्हणाले, "मग काय, पैशासाठी त्याला खोटा म्हणू?"

मी पुस्तक मिटले. त्या पुस्तकाची परत करण्याची तारीखही उलटून गेली होती.